दुष्काळ ‘पाचवीला पुजलेला’ की ‘वाट्याला आलेला’?

मराठवाड्यावर बातमी, निबंध, भाषण, काहीही लिहायला घ्या, पहिलं वाक्य ठरलेलं: ‘दुष्काळ इथल्या पाचवीलाच पुजलेला.’ दैवासाठी मराठीत क्रियापदांना तोटा नाही. कुठलं घ्यायचं, ते मात्र बघून घ्यावं.

बाळ जन्मलं की पाचव्या दिवशी, काही घरांत सहाव्या, सटवाईची पूजा होते. पाटा-वरवंटा मांडायचा, हळद-कुंकू वाहायचं, शेजारी कोरा कागद आणि लेखणी. हल्ली बॉलपेनही चालतो. रात्री सटवाई येते आणि बाळाच्या कपाळी लिहून जाते, अशी समजूत. म्हणून पाचवीला पुजलेलं जन्मभर सुटत नाही. ‘उशिरा येणं त्याच्या पाचवीलाच पुजलंय’ हे फक्कड वाक्य आहे. दुष्काळाला मात्र ते लावू नये. एप्रिल २०१६ मध्ये लातूरला मिरजेहून रेल्वेनं पाणी आणावं लागलं. त्यामागं पाऊस होता, आटलेलं मांजरा धरण होतं, उसाला गेलेलं पाणीही होतं. हे सगळं सटवाईच्या नावावर टाकलं की बाकीचे सुटले!

‘वाट्याला येणं’ दिसायला साधं, पण माझा कौल त्याला. ‘भाग्य’ या शब्दात ‘भाग’ आहेच; भज् धातूचा एक अर्थ वाटणं. अरबीतून आलेल्या ‘नशीब’ आणि ‘किस्मत’ यांचाही मूळ अर्थ हिस्साच. निजामाच्या राज्यात, १९४८ पर्यंत, इथला कारभार उर्दूत चालायचा, त्यामुळं हे शब्द आमच्याकडं अगदी घरचे. आणि वाटा म्हटलं की वाटणारा आला, वाटप बरोबर झालं का हा सवालही आला. वरच्या नाशिक-नगरच्या धरणांतून जायकवाडीत किती पाणी सोडायचं, यावरचं भांडण शब्दशः वाट्याचंच आहे.

हेतू सांगायचा असेल तर ‘नेमणं’ किंवा ‘योजणं’. ‘नेम’ आला ‘नियम’वरून, त्यात शिस्तही आहे आणि नेम धरण्यातला रोखही. ‘हे काम देवानं माझ्यासाठीच नेमलं होतं’ असं एखादी शाळामास्तरीण म्हणाली तर शोभतं. ‘योजणं’ युज् धातूचं, म्हणजे जोडणं, जुंपणं. योग, योजना आणि बैलाच्या मानेवरचं जू एकाच कुळातले. देवही योजतो, माणूसही योजतो, त्यामुळं कर्ता कोण ते वाक्यात स्पष्ट लिहा. ‘नियतीनं दुष्काळ योजला’ असं कुणी लिहिलं तर मी खोडीन.

‘वाढून ठेवणं’ फक्त पुढच्यासाठी. जुलै अर्धा सरला, पेरणी खोळंबली, आणि पारावर कुणी म्हणालं, ‘औंदा काय वाढून ठेवलंय कुणास ठाऊक’, तर तिथं दुसरं क्रियापद शोधत बसू नका.