क्यू की एमएचएल: सोळाव्या वर्षी मुलाने कुठे खेळावं?

पूर्व कॅनडातल्या हॅलिफॅक्स, मॉन्क्टन किंवा शार्लटटाउनच्या ज्या घरात मुलगा पहाटे पाचला उठून आइस हॉकीच्या रिंकवर जातो, त्या घरात जून महिना जड जातो. क्यू ही ज्युनिअर हॉकीची वरची लीग. तिच्या ड्राफ्टमध्ये, म्हणजे संघ आळीपाळीने फेऱ्यांत मुलं निवडतात तेव्हा, त्याचं नाव नवव्या-दहाव्या फेरीत निघतं, आणि खालच्या एमएचएलचा एखादा संघ मात्र त्याला वरच्या फेरीत उचलतो. एकीकडे नाव मोठं, दुसरीकडे जागा पक्की. नातेवाईक फोनवर विचारतात, ‘मोठी लीग सोडून लहान लीग कशाला?’ आणि त्यांना समजावायला आपल्याकडे शब्द नसतात, कारण आपण स्वतः क्रिकेटवर वाढलेले.

माझं मत आधीच सांगून टाकतो. पहिल्या दोन-तीन फेऱ्यांत निवड झाली असेल तर क्यू. नसेल तर सोळाव्या वर्षी एमएचएल आणि सतरा-अठराव्या वर्षी क्यूचं दार पुन्हा ठोठवायचं. हा सल्ला नवा नाही, पण त्यामागचं कारण बदललं आहे आणि रिंकच्या कॅन्टीनमध्ये अजून जुनंच कारण सांगितलं जातं.

दोन्हींची ओळख

क्यू म्हणजे क्यूएमजेएचएल. स्थापना १९६९ ची, संघ १८. नावात पूर्वी ‘क्वेबेक मेजर ज्युनिअर’ होतं, डिसेंबर २०२३ मध्ये ते ‘क्वेबेक मेरिटाइम्स ज्युनिअर’ झालं. मेरिटाइम्स म्हणजे नोव्हा स्कोशिया, न्यू ब्रन्सविक आणि प्रिन्स एडवर्ड आयलंड हे प्रांत. उशिरा सुचलेलं शहाणपण म्हणायचं, कारण हॅलिफॅक्स मूसहेड्स या लीगमध्ये १९९४ पासून आहेत. आज अटलांटिक प्रांतांत हॅलिफॅक्स, केप ब्रेटन, मॉन्क्टन, सेंट जॉन, शार्लटटाउन आणि २०२५ पासून न्यूफाउंडलंडमधलं सेंट जॉन्स इथे क्यूचे संघ आहेत. ऑन्टारिओ आणि पश्चिम कॅनडाच्या लीगबरोबर क्यू ही कॅनडातल्या ज्युनिअर हॉकीची सर्वांत वरची पायरी. एनएचएल या सर्वांत मोठ्या व्यावसायिक लीगचे स्काउट, म्हणजे खेळाडू हेरणारे, सर्वांत आधी इथेच येतात.

एमएचएल, म्हणजे मेरिटाइम हॉकी लीग, ही त्याखालची ज्युनिअर ए लीग. वयाने ती क्यूपेक्षा दोन वर्षांनी मोठी: १९६७ साली मेट्रो व्हॅली लीग म्हणून सुरू झाली. ट्रुरो, ॲमहर्स्ट, यारमथ, समरसाइड, मिरामिची, एडमंडस्टन अशा गावांतले १२ संघ. दोन्हीकडे मुलं साधारण सोळा ते वीस वयाची, पण एमएचएलमध्ये मोठ्यांचा भरणा जास्त. त्यामुळे ‘लहान लीग’ हा शब्द फसवा आहे. सोळाचा पोरगा तिथेही वीस वर्षांच्या दणकट डिफेन्समनच्या खांद्याला खांदा लावतो.

खाली ज्युनिअर बी आहे. तिथले प्रांतोप्रांतीचे विजेते डॉन जॉन्सन कपसाठी खेळतात. खेळाची आवड, नोकरी आणि कॉलेज एकत्र सांभाळणाऱ्या मुलासाठी ती उत्तम जागा आहे, पण या लेखातला पेच तिच्याबद्दलचा नाही.

जुनं कारण का संपलं

अमेरिकेतल्या विद्यापीठांच्या एनसीएए संघटनेचा नियम वर्षानुवर्षं असा होता की क्यूमध्ये खेळलेला मुलगा व्यावसायिक समजला जाई. क्यूच्या खेळाडूंना भत्ता मिळतो, आणि त्यांच्याच ड्रेसिंग रूममध्ये एनएचएलशी करार केलेली मुलंही असतात, एवढं कारण पुरे होतं. क्यूच्या शिबिराला जातानाही पालक घड्याळ बघत. एखाद्या प्रदर्शनी सामन्यात मुलगा बर्फावर उतरला तरी अमेरिकन शिष्यवृत्ती धोक्यात यायची. म्हणून अभ्यासू घरांचा कल एमएचएलकडे असे: ‘दार उघडं ठेवू या.’ ट्रुरोचा झॅक सिल याच वाटेने गेला. एमएचएलचा ट्रुरो बेअरकॅट्स, मग अमेरिकेतलं मेन विद्यापीठ, मग एनएचएलचा पिट्सबर्ग पेंग्विन्स.

नोव्हेंबर २०२४ मध्ये एनसीएएने हा नियम बदलला. १ ऑगस्ट २०२५ पासून क्यूचे खेळाडूही अमेरिकन विद्यापीठांच्या पहिल्या श्रेणीत खेळू शकतात. म्हणजे दार दोन्ही घरांना उघडं झालं. आनंदाची गोष्ट, पण तिची दुसरी बाजू एमएचएलच्या पालकांनी नीट बघावी. विद्यापीठाच्या प्रशिक्षकाकडे जागा तेवढ्याच आहेत, आणि आता त्याला क्यूमधला तयार, एकोणीस वर्षांचा खेळाडूही घेता येतो. ज्युनिअर एच्या मुलाला त्याच्याशीच झुंजायचं आहे. तेव्हा ‘अमेरिकेसाठी एमएचएल’ हा हिशेब आता आपोआप जमत नाही. तुमच्याशी कोणी असं ठामपणे बोलत असेल तर तो २०२४ च्या आधीचं बोलतो आहे असं समजा.

मग तरीही एमएचएल का? आइस टाइमसाठी, म्हणजे बर्फावर प्रत्यक्ष खेळायला मिळणाऱ्या वेळासाठी. दहाव्या फेरीतला सोळा वर्षांचा मुलगा क्यूच्या संघात राहिलाच तर चौथ्या लाइनवर राहतो. लाइन म्हणजे आळीपाळीने बर्फावर उतरणारा खेळाडूंचा गट, चौथ्याला सर्वांत कमी वेळ. सामन्यात मोजकी मिनिटं मिळतात, पॉवर प्लेवर (समोरचा खेळाडू शिक्षेमुळे बाहेर असतानाच्या वेळात) कधीच नाही, आणि अनेक रात्री तो सूट घालून वर प्रेक्षकांत बसतो. तोच मुलगा एमएचएलमध्ये दुसऱ्या लाइनवर खेळतो, चुका करतो, पुढच्या शिफ्टला त्या सुधारतो. गोलरक्षकाच्या बाबतीत तर मला शंकाच नाही. संघात गोली दोन, खेळतो एक. सोळाव्या वर्षी दुसरा गोली होऊन हंगामभर बाकाचं दार उघडण्यापेक्षा बर्विक किंवा यारमथला अर्धे सामने खेळलेले केव्हाही बरे.

पुरस्कारांची फडताळं

पालकांना लीग विकताना संघ पुरस्कारांची यादी पुढे करतात. ती जरूर वाचा, पण तो पुरस्कार कोणाला मिळतो आणि कोणत्या वयात, हे विचारत वाचा.

क्यूची यादी भारदस्त आहे. सर्वाधिक गुणांसाठी (गोल आणि गोलला केलेली मदत मिळून) जाँ बेलिव्हो ट्रॉफी, प्लेऑफमधल्या, म्हणजे नियमित हंगामानंतरच्या बाद फेऱ्यांतल्या, सर्वोत्तम खेळाडूसाठी गी लाफ्लर ट्रॉफी, सर्वोत्तम डिफेन्समनसाठी एमिल बुशार ट्रॉफी, व्यावसायिक हॉकीसाठी सर्वांत आश्वासक खेळाडूला माइक बॉसी ट्रॉफी. हंगामाच्या सर्वोत्तम खेळाडूची ट्रॉफी मिशेल ब्रिएरच्या नावाची आहे. शाविनिगनकडून खेळलेला हा मुलगा पिट्सबर्गसाठी एकच हंगाम खेळला, १९७० मध्ये मोटार अपघातात जबर जखमी झाला आणि पुढच्या वर्षी गेला. लीगने आपला सर्वांत मोठा वैयक्तिक मान अशा अपुऱ्या राहिलेल्या खेळाडूच्या नावे ठेवला, हे मला या यादीतलं सर्वांत आवडतं.

आता वयाचा मुद्दा. पुढे एनएचएल गाजवणाऱ्या मारिओ लेमियूने १९८३-८४ मध्ये लावालकडून ७० सामन्यांत २८२ गुण केले, तो त्याचा क्यूमधला तिसरा हंगाम होता. या ट्रॉफ्या बहुतेक वेळा अठरा-एकोणीसच्या मुलांच्या हाती जातात. सोळाव्या वर्षी त्या घेऊन जाणारा सिडनी क्रॉसबी, आजचा एनएचएलचा तारा. नोव्हा स्कोशियातल्या कोल हार्बरचा हा मुलगा २००३-०४ मध्ये क्वेबेकमधल्या रिमूस्कीला गेला आणि पहिल्याच हंगामात त्याने १३५ गुण केले, दुसऱ्यात १६८. तिन्ही मोठ्या लीगमधल्या वर्षाच्या सर्वोत्तम खेळाडूचा मान त्याला दोनदा मिळाला. त्यानंतर तसा दोनदा मिळवणारा अलेक्सिस लाफ्रेनिएर, तोही रिमूस्कीचाच. नोव्हा स्कोशियातलं प्रत्येक घर क्रॉसबीची गोष्ट सांगतं आणि तीच सर्वांत निरुपयोगी आहे. तुमचा मुलगा क्रॉसबी असता तर हा लेख वाचायची वेळ आली नसती.

पालकांनी बघायचा पुरस्कार एकच: मार्सेल रोबेर ट्रॉफी. अभ्यास आणि खेळ दोन्हींत चमकणाऱ्या खेळाडूला ती मिळते. ज्या संघाशी बोलणी चालू आहेत त्या संघाचा खेळाडू या मानासाठी शेवटचा कधी शर्यतीत होता, एवढं विचारा. उत्तर देताना समोरचा अडखळतो का, त्यावरून तिथल्या शाळेच्या व्यवस्थेचा अंदाज येतो. एमएचएलमध्येही अभ्यासासाठी वेगळा मान आहे, तिथेही हाच प्रश्न.

संघांच्या चषकांबद्दल थोडं सावध राहा. मेमोरियल कप १९१९ चा, पहिल्या महायुद्धात पडलेल्या सैनिकांच्या स्मरणार्थ. तीन लीगचे विजेते आणि एक यजमान असे चारच संघ त्यात असतात. यजमानपदाची किमया २०२२ मध्ये दिसली. सेंट जॉन सी डॉग्ज क्यूच्या प्लेऑफमध्ये पहिल्याच फेरीत रिमूस्कीकडून हरले. मग संघाने प्रशिक्षक बदलला. न्यू ब्रन्सविक विद्यापीठाचे गार्डिनर मॅकडूगल आले, काही आठवडे सराव झाला आणि यजमान म्हणून उतरलेल्या त्याच संघाने मेमोरियल कप जिंकला. हॅलिफॅक्सचा २०१३ चा विजय अधिक कमावलेला होता, लीग जिंकून आलेला. अंतिम सामन्यात पुढे एनएचएलचा तारा झालेल्या नेथन मॅकिननने पोर्टलंडविरुद्ध हॅटट्रिक केली आणि स्पर्धेतल्या सर्वोत्तम खेळाडूची ट्रॉफी नेली.

ज्युनिअर एचा राष्ट्रीय चषक म्हणजे सेंटेनिअल कप, मधली बरीच वर्षं तो रॉयल बँक कप म्हणून ओळखला जाई. १९९७ मध्ये समरसाइडने आणि २००२ मध्ये हॅलिफॅक्सने तो जिंकला, दोन्ही वेळा घरच्या रिंकवर. पूर्वी तिथवर जायला पूर्व विभागाचा फ्रेड पेज कप पार करावा लागे, आता सर्व लीगचे विजेते थेट जातात. लहान गावातल्या मुलासाठी ही मोठी गोष्ट आहे, कारण एमएचएल जिंकली की देशभरातले स्काउट त्याला एकाच आठवड्यात बघतात.

बस, शाळा, भाषा

क्यूचा नियमित हंगाम ६४ सामन्यांचा, एमएचएलचा ५२. फरक बारा सामन्यांचा वाटतो, खरा फरक बसमध्ये आहे. केप ब्रेटनच्या सिडनीपासून क्वेबेकमधलं रुएँ-नोरांडा सुमारे दोन हजार किलोमीटर. न्यूफाउंडलंडला तर विमानाशिवाय जमत नाही. जानेवारीतल्या अशा दौऱ्यात आठवडाभर शाळा बुडते, गणिताची वही बसच्या दिव्याखाली उघडते. एमएचएलमध्येही यारमथहून एडमंडस्टनला जाणं थट्टा नाही, पण बहुतेक रात्री मुलगा आपल्या अंथरुणात झोपतो.

क्वेबेकच्या संघाने निवडलं तर आणखी एक गोष्ट. तिथे माध्यमिक शाळा अकरावीला संपते आणि पुढे सेजेप, म्हणजे विद्यापीठाआधीचं कॉलेज, असतं, आपल्या प्रांतांत बारावी असते. ही सांगड आधी घालून घ्या. क्रॉसबीने रिमूस्कीत असताना मॉन्क्टनच्या हॅरिसन ट्रिम्बल शाळेतून बारावी पूर्ण केली, आणि दोन वर्षांत फ्रेंचही शिकला. सेंट लॉरेन्सच्या काठावर फ्रेंच घरात राहणं हा सोळाव्या वर्षी मोठा लाभ ठरू शकतो, घुसमटही ठरू शकते. मुलाचा स्वभाव तुम्ही ओळखता. मॅकिननला २०११ मध्ये बे-कोमोने सर्वांत आधी निवडलं होतं, तो गेला नाही आणि हॅलिफॅक्सकडे सौदा झाला. पहिल्या क्रमांकाच्या खेळाडूला असं अडून बसता येतं, दहाव्या फेरीतल्याला नाही.

घरापासून दूर गेलं की मुलं बिलेट कुटुंबात, म्हणजे खेळाडूला घरी ठेवून घेणाऱ्या स्थानिक कुटुंबात, राहतात. क्यूमध्ये त्याचा आणि स्टिक-सामानाचा खर्च संघ उचलतो. एमएचएलमध्ये कोणता खर्च कोणाकडे, हे संघागणिक विचारा आणि लिहून घ्या. घरी शाकाहार असेल तर बिलेटला पहिल्याच फोनवर सांगा. बहुतेक कुटुंबं सांभाळून घेतात, पण ऐनवेळी कळलं तर पोरगं पास्त्यावर हंगाम काढतं.

क्यूची शैक्षणिक मदत हा तिचा भक्कम मुद्दा आहे. खेळलेल्या हंगामांच्या हिशेबाने पुढच्या शिक्षणाला पैसे मिळतात. अटी असतात: किती काळात वापरायचे, व्यावसायिक करार केला तर काय, पहिल्या हंगामात परत पाठवलं तर काय. करारातलं हे पान वकिलाला दाखवायचे पैसे वाया जात नाहीत. या पैशावर अनेक जण इथल्याच विद्यापीठांत खेळतात, आणि ते हॉकी दुय्यम मुळीच नाही. २०२३-२४ मध्ये न्यू ब्रन्सविक विद्यापीठाने ४३ पैकी ४३ सामने जिंकून राष्ट्रीय विजेतेपद घेतलं. प्रशिक्षक तेच मॅकडूगल. पुढच्याच वर्षी मॉन्क्टनला जाऊन त्यांनी क्यूही जिंकली.

सुरक्षिततेबद्दल दोन शब्द. २०२३-२४ पासून क्यूमध्ये मारामारी केली की सामन्यातून बाहेर, आणि मला हा नियम फार आधी यायला हवा होता असं वाटतं. त्याच २०२३ साली नव्या मुलांच्या छळाच्या प्रकरणावर क्वेबेकच्या विधिमंडळ समितीपुढे साक्ष झाली, आणि दीर्घकाळ आयुक्त राहिलेले जिल कुर्तो यांनी पद सोडलं. दोन्ही लीगच्या संघांना सरळ विचारा: तक्रार करायची असेल तर मुलगा संघाबाहेरच्या कोणाला फोन करतो? नाव आणि नंबर मिळाला पाहिजे.

निर्णय एमएचएलचा झाला तरी ऑगस्टमध्ये क्यूच्या शिबिराला मुलाला पाठवा. आता एनसीएएची भीती नाही, आणि ड्राफ्ट केलेल्या संघाकडे त्याचे हक्क राहतातच. त्या शिबिरात प्रशिक्षकाकडून दोन गोष्टी वदवून घ्या: कोणत्या कमतरतेमुळे तो परत चालला आहे, आणि संलग्न खेळाडूंच्या यादीत त्याचं नाव घालणार का. यादीत असेल तर डिसेंबर-जानेवारीत कोणी जखमी झालं की बोलावणं येतं, आणि तो दोन-चार सामने क्यूमध्ये खेळून पुन्हा आपल्या दुसऱ्या लाइनवर परततो.