रविवर्मा छापखान्याची जुनी तसबीर की नवी जिक्ले प्रिंट?

आजोबांच्या वेळची लक्ष्मी किंवा सरस्वती अजून भिंतीवर असलेली घरं महाराष्ट्रात पुष्कळ आहेत. ती तशीच राहू द्यायची, की तिचा नीट फोटो काढून नवी प्रिंट लावायची? जुन्या बाजारातून तसबीर घेणाऱ्यालाही शेवटी हेच ठरवायचं असतं.

आधी जुनीबद्दल. राजा रविवर्मांचा छापखाना 1894 मध्ये मुंबईत सुरू झाला आणि पुढे लोणावळ्याजवळ मळवलीला गेला. तिथली ओलिओग्राफ म्हणजे दगडावरची छपाई. प्रत्येक रंगाला वेगळा दगड, आणि एकच कागद पुन्हा पुन्हा त्याच जागी नेमका बसवून छापायचा. भिंग लावून देवीचा गाल पाहा. कारागिराने हाताने मारलेले लहानमोठे ठिपके दिसतील, आणि त्यांच्या दाटीतून उमटलेली सावली. वर वॉर्निशचा थर असतो. काही प्रतींवर कॅनव्हाससारखा पोत दाबून उठवलेला असतो, तर काहींवर घरातल्या बायकांनी जर आणि टिकल्या लावलेल्या असतात. स्कॅनमध्ये या पोताची सावली येते, पोत येत नाही. माझ्या मते मूळ प्रत जपण्याचं हे सर्वांत मोठं कारण.

पण कागद नाजूक. उजेडाने उडालेला रंग परत येत नाही आणि नुकसान साचत जातं. कागदावरच्या रंगीत कलाकृतींसाठी संग्रहालयं साधारण 50 लक्स उजेड ठेवतात. खिडकीजवळच्या भिंतीवर दिवसा त्याच्या कित्येक पट असतो. चौकटीमागच्या लाकडी फळीतलं आम्ल कागदाला तपकिरी करतं. कोकणात बुरशी आणि कसर, देवघरात समईची काजळी.

जिक्ले म्हणजे पिगमेंट शाईची (न विरघळणाऱ्या बारीक रंगकणांची) इंकजेट छपाई, शक्यतो आम्लरहित सुती कागदावर. नीट केलेली प्रिंट काचेआड अनेक दशकं टिकते, आणि खराब झाली तर दुसरी काढता येते. तिचा खरा कस मात्र फाइलमध्ये असतो. 20 बाय 14 इंचांच्या चित्राला इंचाला 300 पिक्सेल धरले तर 6000 बाय 4200 पिक्सेल लागतात. ठिपके स्पष्ट हवे असतील तर इंचाला 600 धरा. इंटरनेटवरून उतरवलेल्या लहान चित्राची मोठी प्रिंट काढली की चेहरा मेणाचा दिसतो. त्याहून वाईट म्हणजे रंग ‘उजळवणं’. पिवळं पडलेलं वॉर्निश काढायच्या नादात आकाश निळंशार होतं, त्वचा गुलाबी होते, आणि जे रंग त्या दगडांवर कधी नव्हतेच ते रविवर्मांच्या नावावर खपतात. म्हणून फोटो काढताना शेजारी रंग ताडून पाहायची रंगपट्टी ठेवली होती का, शाई पिगमेंटची आहे की डायची (विरघळलेल्या रंगाची, लवकर उडणारी), हे विचारा. उत्तर मिळालं नाही तर दुसरं दुकान बघा.

‘अस्सल जुनी’ म्हणून विकत घेताना भिंग सोबत न्याच. ठिपके चार रंगांचे, सारख्या अंतरावर आणि छोट्या फुलासारखे मांडलेले दिसले, तर ती ऑफसेटची, म्हणजे नंतरच्या यांत्रिक छपाईची प्रत आहे. जुन्या चौकटीत घातल्याने ती जुनी होत नाही.

देवघरासाठी आणि उजेडाच्या खोलीसाठी मी नि:शंकपणे नवी प्रिंट सुचवेन. सोसायटीत नवं घर सजवणाऱ्याला, ज्याच्याकडे वारशाने काही आलेलं नाही, त्यालाही तीच पुरेशी आहे. घरात मूळ प्रत असेल तर तिचं चांगलं स्कॅन करून घ्या. ती लावायचीच असेल तर आतल्या, उन्हापासून लांबच्या भिंतीवर लावा. मागची फळी काढून आम्लरहित बोर्ड घाला, काच चित्राला चिकटू देऊ नका, आणि अतिनील किरणं अडवणारी काच परवडत असेल तर तीच घ्या. फ्रेमवाला नवं वॉर्निश मारून देतो म्हणाला किंवा लॅमिनेशन सुचवलं, तर ठाम नकार द्या. फाटलेल्या, बुरशी आलेल्या प्रतीला कागद-संवर्धकाचाच हात लागू द्या. मुंबईत छत्रपती शिवाजी महाराज वस्तुसंग्रहालयाच्या संवर्धन केंद्रात चौकशी करता येईल.