आलेखाचा पुसता येणारा फळा : आठ महिन्यांच्या वापरानंतर

नववी ते बारावीच्या मुलांची घरगुती शिकवणी घेताना दर वेळी पट्टीने अक्ष आखण्याचा कंटाळा आल्यामुळे गेल्या जूनमध्ये मी चौकटी छापलेला, चुंबक धरणारा, ३ बाय २ फुटांचा पांढरा फळा विकत घेतला. चौकटीची बाजू अडीच सेंटिमीटर आहे आणि अक्ष जाड काळ्या रेघेने छापलेले आहेत. नववीला नुसते बिंदू स्थापन करायचे असतात, त्यासाठी या फळ्यात नाव ठेवायला जागा नाही.

खरी परीक्षा झाली ती समीकरण किंवा असमानता देऊन तिच्यात बसणारे सगळे बिंदू दाखवण्याच्या वेळी. अकरावीतल्या एका मुलीला मी क्ष × य = ० हा संच काढायला सांगितला. (क्ष आणि य शेजारी लिहिले की ‘क्षय’ होतो आणि वर्ग हसत सुटतो, म्हणून गुणाकाराचे चिन्ह मी आवर्जून घालतो.) ती मार्कर हातात धरून बराच वेळ उभी राहिली आणि म्हणाली, “सर, इथे काढायचं काय? ते तर आधीच काढलेलं आहे.” तिचे बरोबर होते, कारण दोन्ही अक्ष मिळूनच तो संच होतो. पण लगेच पुढचे उदाहरण क्ष × य > ० घेतले, तेव्हा हेच छापील अक्ष आडवे आले. पहिले आणि तिसरे चरण छायांकित केले तरी अक्ष ठळक अखंड रेघेचे राहतात आणि जे बिंदू संचात नाहीत, तेच डोळ्यांत भरतात. आता अशा वेळी अक्षावर पांढरी चिकटपट्टी लावून तिच्यावर तुटक रेघ काढतो. उपाय गावठी आहे, पण चालतो.

दुसरी अडचण रंगांची. एका मार्करच्या छायेवर दुसरा मार्कर फिरवला की खालचा रंग पुसला जातो, त्यामुळे बारावीच्या रेषीय प्रोग्रामिंगमधील (अनेक असमानतांच्या अटी पाळून सर्वांत चांगले उत्तर शोधण्याची पद्धत) तीन-चार अटी एकावर एक दाखवणे अशक्य होते. म्हणून आरंभबिंदूच्या किमती घालून बाजू तपासायची आणि नको असलेली बाजू विरळ तिरक्या रेघांनी भरायची, अशी पद्धत ठेवली. अखेरीस जो भाग कोरा राहतो, तोच सर्व अटी पाळणारा प्रदेश असतो.

चुंबकांचा उपयोग मात्र अपेक्षेपेक्षा चांगला झाला. य = [क्ष] ([क्ष] म्हणजे क्षपेक्षा मोठा नसलेला सर्वांत मोठा पूर्णांक) या पायऱ्यांच्या आलेखात (१, १) वर भरीव गोल चुंबक आणि (२, १) वर कडीसारखे पोकळ चुंबक लावले की डावे टोक संचात आहे आणि उजवे नाही, हे वेगळे सांगावे लागत नाही. शिवाय क्ष + य = ४ मध्ये क्ष आणि य नैसर्गिक संख्या असतील, तर मुले तीनच चुंबके लावतात आणि थांबतात; मार्कर हातात असता, तर त्यांनी सवयीने रेषा ओढली असती.

दोन दिवस तसेच राहिलेले लिखाण डाग सोडते. त्यावर ताजा मार्कर फिरवून लगेच पुसल्यास बहुतेक निघते. दहावीच्या पालकांनी एवढे ध्यानात ठेवावे की फळ्यावर चौकट म्हणजे एक एकक हे गृहीतच असल्याने मुले उत्तरपत्रिकेत प्रमाण लिहायला विसरतात. सहामाहीत माझ्या तिघांचे गुण त्यामुळेच गेले आणि तेव्हापासून आलेख कागदावरचा सराव मी आठवड्यातून दोन दिवस पुन्हा सुरू केला आहे.