नव्या पेठेतलं छपाईचं दुकान आणि एल्फिन्स्टनांची वंशावळ

आठवीच्या वर्गासाठी एल्फिन्स्टन घराण्याचा तक्ता फ्लेक्सवर छापून घेतला, तीन बाय पाच फुटी. साडेचारशे रुपये झाले, एकही रुपया वाया गेला नाही.

पहिल्या छपाईत ‘ल्फि’ हे जोडाक्षर सगळीकडे फुटलं होतं. मी दाखवल्यावर दुकानातल्या मुलाने कुरकुर न करता फॉन्ट बदलून जादा पैसे न घेता पुन्हा काढून दिलं. मला मात्र दोन हेलपाटे पडले, तेही एप्रिलच्या उन्हात.

खरं कसब रेघांत दिसतं. मुलांना वाटतं, मुंबईचे दोन्ही एल्फिन्स्टन गव्हर्नर म्हणजे बाप-लेक. तसं नाही. 1819 ते 1827 चे माउंटस्टुअर्ट हे 11 व्या लॉर्ड एल्फिन्स्टनचे चौथे चिरंजीव, म्हणून घराण्याचा ‘लॉर्ड’ हा किताब त्यांच्याकडे आलाच नाही. तो गेला थोरल्या भावाकडे, नि पुढे पुतण्याकडे. तो पुतण्या म्हणजे 13 वा लॉर्ड, 1853 ते 1860 चा गव्हर्नर. आता प्रभादेवी झालेल्या स्टेशनला त्याचंच नाव होतं. तो अविवाहित वारला आणि किताब चुलत घरात गेला. तक्त्यात तिथे दुकानातल्या मुलाने सरळ रेघेऐवजी तुटक रेघ सुचवली. मला हे सुचलं नव्हतं! वर्गात मागच्या बाकावरूनही ती वळणारी रेघ स्पष्ट दिसते.

नावं मात्र घरूनच टाइप करून न्या. तिथे बसून सांगत राहिलात तर दुपार जाते.