झाडाखाली कोणतं गवत लावावं: बास्केटग्रास, कार्पेट गवत की सेंट ऑगस्टीन?

दाट झाडाखाली हरळी लावली की पहिले दोन महिने ती बरी दिसते, मग विरळ होते आणि शेवटी मातीच उघडी पडते. हरळीला भरपूर ऊन लागतं, त्यामुळे खतपाणी वाढवूनही सावलीत ती टिकत नाही. अशा जागेसाठी उष्ण प्रदेशातली तीन पसरणारी गवतं विचारात घेता येतात. निवड करताना दोनच गोष्टी महत्त्वाच्या: तिथे उजेड किती येतो आणि त्यावरून कोणी चालणार आहे का.

उजेड मोजणं सोपं आहे. भर दुपारी जमिनीवर पांढरा कागद ठेवून त्याच्या फूटभर वर हात धरा. सावलीची कड ठळक असेल तर उजेड भरपूर आहे. कड पुसट असेल तर मध्यम सावली. सावली पडलीच नाही, तर जागा गडद सावलीची आहे आणि तिथे यांतलं कुठलंही गवत दाट भरेल अशी अपेक्षा ठेवू नका; पालापाचोळ्याचं आच्छादन बरं.

बास्केटग्रास, म्हणजे ऑप्लिस्मेनस, मध्यम सावलीत सगळ्यांत देखणं. पानं पातळ, टोकदार, कडेला लहरी. पांढरे-गुलाबी पट्टे असलेला प्रकार टांगत्या कुंड्यांमध्येही लावतात. खोड बारीक असतं, जमिनीला टेकलेल्या प्रत्येक पेरातून मुळं सुटतात, आणि उंची साधारण 15 ते 30 सेंमीपर्यंत जाते. लॉन म्हणून मात्र याचा विचारच करू नका. रोजच्या पायवाटेवर कोवळी खोडं चेचली जातात आणि आठवडाभरात पट्टा उघडा पडतो.

लावायला तीन-चार पेरांचे तुकडे घ्या, खालची दोन पेरं मातीत दाबा, 15 ते 20 सेंमी अंतर ठेवा. 20 सेंमीवर लावल्यास चौरस मीटरला 25 तुकडे लागतात. माती सतत ओलसर राहिली तर सात ते दहा दिवसांत मुळं धरतात. झाडाची मुळं तोडत खणू नका. वरून 2-3 सेंमी चाळलेलं कंपोस्ट पसरा, फक्त बुंध्याला टेकवू नका. पुढे खोडं लांबून मधली जागा बोडकी दिसू लागली की 5 ते 8 सेंमीवर सरसकट छाटा आणि छाटलेले तुकडे मोकळ्या जागी खोचा. पट्ट्यांच्या प्रकारात मधूनच पूर्ण हिरवे फुटवे येतात. ते जोमदार असतात, त्यामुळे दिसताच मुळापासून काढा, नाहीतर वर्षभरात रंगीत झाड त्यांच्याखाली दबतं. कडक उन्हात पानांच्या कडा करपतात आणि कडाक्याच्या थंडीत, दव गोठलं की हे गवत मरतं.

याची खरी कटकट फुलोऱ्याची. कुसळांना चिकट द्रव असतो. दाणे पॅंटला, कुत्र्याच्या केसांना चिकटून भलतीकडे जातात. म्हणून फुलोरा दिसताच वरचा भाग कापावा. जवळ जंगल किंवा नैसर्गिक ओढा असेल तर ही काळजी घ्यायलाच हवी. याच कुळातली एक जात अमेरिकेतल्या मेरीलॅंडमध्ये 1996 मध्ये आढळली आणि तिथल्या जंगलांच्या तळाशी उपद्रवी ठरली.

अधूनमधून कोणी चालणार असेल तर कार्पेट गवत, म्हणजे अ‍ॅक्सोनोपस कॉम्प्रेसस. चपटी धावती खोडं, रुंद बोथट पानं, सावलीत बऱ्यापैकी तग. आम्ल, हलक्या कसाची जमीन याला चालते. फळबागा आणि रबराच्या मळ्यांत झाडांखाली हे सहज वाढतं. मुळं उथळ असल्यामुळे पाण्याचा ताण मात्र सोसत नाही. चुनखडीच्या जमिनीत पानं पिवळी पडतात आणि शिरा हिरव्या राहतात; ही लोहाची कमतरता. लिटरभर पाण्यात 5 ग्रॅम हिराकस (फेरस सल्फेट) विरघळवून संध्याकाळी फवारा, फरशीवर पडू देऊ नका, डाग जात नाहीत. कापणी 5 सेंमीवर करावी. पण कापल्यावर आठवड्यात इंग्रजी ‘व्ही’सारखे उभे तुरे पुन्हा डोकावतात, ते ज्याला खटकतात त्याने हे लावूच नये.

सेंट ऑगस्टीनला (स्टेनोटॅफ्रम) रोज किमान चार तास तरी ऊन हवं, म्हणजे हे अर्धसावलीचं गवत. खारट वारा आणि क्षारयुक्त पाणी ते इतर दोघांपेक्षा चांगलं सोसतं, त्यामुळे किनाऱ्याजवळ पहिली पसंती याला. सावलीत 8 ते 10 सेंमी उंच ठेवा. खाली कापलं की विरळ होतं. नत्र जास्त झालं आणि पानं रात्रभर ओली राहिली तर राखाडी ठिपक्यांचा करपा येतो, म्हणून पाणी सकाळी द्या आणि खत उन्हातल्या लॉनच्या निम्मं.

रोपवाटिकेत एक घोटाळा हमखास होतो. सेंट ऑगस्टीनचाही पांढऱ्या पट्ट्यांचा प्रकार असतो आणि तो बास्केटग्रास म्हणून हाती पडू शकतो. पान चिमटीत धरा: जाड, ताठ आणि टोकाला बोथट असेल तर सेंट ऑगस्टीन, मऊ, लहरी कडांचं आणि टोकदार असेल तर बास्केटग्रास.