साधं गृहकर्ज घ्यावं की ओव्हरड्राफ्टवालं? वीस वर्षांचा हिशेब

५० लाखांचं कर्ज, ८.५ टक्के व्याज, २० वर्षं मुदत. हप्ता ४३,३९१ रुपये आणि एकूण व्याज ५४ लाख १४ हजारांच्या आसपास. पहिल्या हप्त्यातले ३५,४१७ रुपये व्याजात जातात, मुद्दल फिटतं जेमतेम ७,९७४. हे आकडे कोणताही ईएमआय कॅल्क्युलेटर दाखवतो आणि ते बघून धडकीही भरते. पण कोणतं कर्ज घ्यायचं हे ठरवायला त्यांचा फारसा उपयोग होत नाही, कारण बहुतेक माणसं २० वर्षं नुसता हप्ता भरत बसत नाहीत. बोनस येतो, एखादी एफडी मोडते, आईवडील काही रक्कम देतात. हप्त्याबाहेरच्या या पैशाचं तुम्ही काय करता, यावर कर्जाचा खरा खर्च ठरतो. साधं कर्ज आणि ओव्हरड्राफ्ट कर्ज यांतला फरकही नेमका इथेच आहे.

साध्या कर्जात जादा पैसा पार्ट पेमेंट म्हणून भरायचा. ओव्हरड्राफ्ट कर्जात, म्हणजे एसबीआयच्या मॅक्सगेनसारख्या योजनेत, तो कर्जखात्यातच पार्क करायचा. जितके दिवस तो तिथे आहे तितके दिवस तेवढ्या रकमेवर व्याज लागत नाही, आणि गरज पडली की काढता येतो. काही बँका कर्ज वेगळं ठेवून त्याला बचत खातं जोडतात. हिशेबाचं तत्त्व तेच. या सोयीसाठी बँक बहुधा दर थोडा जास्त लावते. आपण पाव टक्का धरू: साधं ८.५, ओव्हरड्राफ्ट ८.७५. तुमच्या सँक्शन लेटरवर, म्हणजे कर्जमंजुरीच्या पत्रावर, फरक वेगळा असेल तर पुढची गणितं त्याप्रमाणे बदलून घ्या.

पाव टक्का म्हणजे ५० लाखांवर वर्षाला साधारण १२,५०० रुपये. ते भरून निघायला खात्यात सरासरी किती रक्कम पडून हवी? १२,५०० भागिले ८.७५ टक्के, उत्तर १ लाख ४३ हजार. बरेच जण इथेच थांबतात आणि इथेच हिशेब चुकतो. तो पैसा कर्जखात्यात नसता तर बचत खात्यात असता आणि अडीच टक्के तरी मिळवत असता. तेव्हा खरा फायदा ८.७५ उणे २.५, म्हणजे सव्वासहा टक्के. त्या हिशेबाने २ लाख रुपये कायम पडून असायला हवेत. पर्याय एफडीचा असेल आणि तुम्ही ३० टक्क्यांच्या कर-टप्प्यात असाल, तर साडेसहा टक्क्यांच्या एफडीचे हातात साडेचारच्या आसपास येतात. मग आकडा ३ लाखांच्या जवळ जातो. मुद्दल फिटत गेलं की हा उंबरठाही खाली येतो: बाकी २५ लाखांवर आली की निम्म्या रकमेत भागतं.

समजा तुमच्याकडे आज ३ लाख रुपये आहेत, घरात कोणी आजारी पडलं किंवा नोकरी गेली तर लागतील म्हणून ठेवलेले. ते बचत खात्यातच ठेवून साधं कर्ज चालवलं, तर व्याज ५४ लाख १४ हजार आणि मुदत पूर्ण २० वर्षं. बचत खातं त्यावर दीड-दोन लाख देईल, तेवढाच दिलासा. तेच ३ लाख पहिल्याच दिवशी साध्या कर्जात भरून हप्ता तोच ठेवला, तर कर्ज १७ वर्षं ३ महिन्यांच्या आत फिटतं आणि व्याज ४२ लाख ६० हजारांच्या जवळपास होतं. आणि ओव्हरड्राफ्ट घेऊन ते खात्यात पार्क केले, हप्ता त्या दराने ४४,१८६, तर मुदत जवळजवळ तितकीच आणि व्याज सुमारे ४३ लाख ९० हजार. ३ लाख अर्थातच शेवटच्या बाकीत वळते केले असं धरलं आहे.

शेवटच्या दोघांतला फरक १ लाख २७ हजारांच्या घरात आहे, तोही १७ वर्षांत विभागून. कागदावर साधं कर्ज स्वस्त पडतं, हे मान्यच. पण त्यात पहिल्या दिवशी ३ लाख कायमचे गेले. दुसऱ्या वर्षी हॉस्पिटलचं बिल आलं तर पर्सनल लोनच्या दारात उभं राहावं लागतं आणि तिथला दर दोन आकडी असतो. म्हणून ते ३ लाख पहिल्याच दिवशी भरून टाकणारा माणूस क्वचितच सापडतो.

साध्या कर्जातली जी गोष्ट मला कायम खटकत आली, आणि जिच्यामुळे मी ओव्हरड्राफ्टकडे वळलो, ती हीच. पार्ट पेमेंट परत मिळत नाही, त्यामुळे ते लांबणीवर पडत राहतं. बोनस मार्च-एप्रिलमध्ये येतो. जूनमध्ये शाळेची फी आहे, तोवर राहू दे. मग गणपती-दिवाळी आहे, राहू दे. सोसायटीचं रंगकाम निघणार आहे म्हणतात, किती मागतील कोण जाणे. शेवटी नोव्हेंबर-डिसेंबरमध्ये ५ लाखांतले ३ लाख भरले जातात. दरम्यान ५ लाख आठ महिने अडीच टक्क्यांवर पडून राहिले आणि कर्ज साडेआठने चालू राहिलं; फरक २०,००० रुपये. एका वर्षात ओव्हरड्राफ्टच्या पाव टक्क्यापेक्षा हे जास्त होतं. ही रक्कम कुठल्याही स्टेटमेंटवर वेगळी छापून येत नाही, म्हणून तिचा हिशेब कोणी मांडत नाही. हा दोष शिस्तीचा म्हणता येणार नाही. परत न मिळणारा पैसा सोडताना माणूस हात आखडता घेणारच, आणि घरात लहान मुलं किंवा वयस्कर आईवडील असतील तर त्याने तो घ्यावाही. ओव्हरड्राफ्टमध्ये विचार करत बसायची गरजच उरत नाही. बोनस आला त्या दिवशी खात्यात टाकला, त्या रात्रीपासून तेवढं व्याज थांबलं. फी भरायची वेळ आली की काढला.

असं असलं तरी साधं कर्ज मोडीत काढण्यासारखं नाही. ज्यांचा आपत्कालीन निधी वेगळा, पक्का आहे आणि वर्षातून एकदा ठरल्या महिन्यात रक्कम भरायची सवय आहे, त्यांना ते उत्तम चालतं. दर वर्षअखेरीला फक्त १ लाख भरत गेलात तर २० वर्षांचं कर्ज १४ वर्षांच्या आत संपतं आणि व्याज ५४ लाखांवरून साधारण ३५ लाख ६० हजारांवर येतं. फ्लोटिंग, म्हणजे बदलत्या, दराच्या वैयक्तिक गृहकर्जावर मुदतपूर्व परतफेडीचा दंड लावता येत नाही, त्यामुळे बँक हरकत घेणार नाही. मात्र पैसे भरले म्हणजे काम झालं असं समजू नका. काही ठिकाणी पार्ट पेमेंटनंतर हप्ता कमी केला जातो आणि मुदत तशीच राहते. हप्ता हलका झाल्याचं बरं वाटतं आणि बचतीचा मोठा भाग हातातून जातो. म्हणून भरतानाच ‘हप्ता तोच, मुदत कमी’ असं लेखी द्या आणि आठवडाभरात नवं परतफेडीचं वेळापत्रक मागवून शेवटच्या हप्त्याची तारीख बघा. ती अलीकडे आली नसेल तर अर्ज कुठेतरी अडकला आहे.

ओव्हरड्राफ्टबद्दल पगार पार्क करण्याची युक्ती फार सांगितली जाते: पगार कर्जखात्यात घ्या, खर्च क्रेडिट कार्डवर करा, महिनाअखेरीला बिल भरा. करून बघायला हरकत नाही, पण आकडा बघा. १ लाख रुपये २० दिवस राहिले तर वाचतात ४७९ रुपये. वर्षाला पावणेसहा हजार. पाव टक्क्याचे साडेबारा हजारही त्यातून निघत नाहीत. ओव्हरड्राफ्ट परवडतं ते कायम मुक्काम ठोकून राहिलेल्या रकमेमुळे. पगाराच्या ये-जा करण्यावर विसंबून कोणी ते घेत असेल तर त्याने साधंच घ्यावं.

ओव्हरड्राफ्टचं स्टेटमेंट वाचणं हे मात्र खरोखर डोकेदुखीचं काम आहे. तीन आकडे वेगळे ठेवावे लागतात. ड्रॉइंग पॉवर म्हणजे वेळापत्रकाप्रमाणे आज जितकं कर्ज शिल्लक असायला हवं ती मर्यादा. दर महिन्याला हप्त्यातल्या मुद्दलाएवढी ती घटते. खात्यातली उणे बाकी म्हणजे प्रत्यक्षात वापरलेली रक्कम, व्याज हिच्यावर लागतं. या दोहोंमधलं अंतर म्हणजे तुम्ही काढू शकता ते पैसे. तुम्ही पार्क केलं की हप्ता कमी होत नाही. व्याज कमी लागतं आणि हप्त्यातला उरलेला भाग त्याच अंतरात जमा होत जातो. त्यामुळे काही वर्षांनी काढता येण्याजोगी रक्कम तुम्ही टाकलेल्यापेक्षा जास्त दिसते. ती बँकेने दिलेली भेट समजून कोणी गाडी बुक करतं, आणि वाचलेलं सगळं व्याज तिथे परत जातं. हा मोह ज्याला आवरणार नाही असं त्याला स्वतःलाच वाटतं, त्याच्यासाठी परत न मिळणारं पार्ट पेमेंट हाच राखणदार बरा. निदान त्या खात्याला यूपीआय जोडू नका, चेकबुक घेऊ नका, कुठलंही ऑटो-डेबिट लावू नका.

बांधकाम चालू असलेल्या घरासाठी कर्ज असेल तर आणखी एक गोष्ट आधी विचारा: कर्ज टप्प्याटप्प्याने मिळत असताना पार्क करण्याची सोय पहिल्यापासून मिळते की पूर्ण वाटप झाल्यावर? ताबा तीन वर्षांनी असेल तर तोवर जादा दर भरून सोय शून्य, असं होऊ शकतं.

कराचा मुद्दा बऱ्याच ठिकाणी ओव्हरड्राफ्टच्या विरोधात मांडला जातो. पार्क केलेली रक्कम मुद्दलाची परतफेड धरली जात नाही, ८०सीमध्ये ती दाखवता येत नाही, हे खरं. आणि व्याज कमी लागलं की वजावटही कमी, हेही खरं. पण जुन्या करप्रणालीत स्वतः राहत्या घराच्या व्याजाची वजावट वर्षाला २ लाखांपर्यंतच आहे आणि ५० लाखांच्या कर्जाचं पहिल्या वर्षाचं व्याजच ४ लाख २१ हजार होतं. एकटा कर्जदार असेल तर वरच्या २ लाख २१ हजारांवर करसवलत मुळातच नाही. तिथून वाचलेला रुपया पूर्ण वाचतो. नवरा-बायको दोघंही सहमालक आणि सहकर्जदार असतील तर दोघांची मिळून मर्यादा ४ लाख होते आणि तिथे हिशेब जरा बारकाईने करावा लागतो. नव्या प्रणालीत राहत्या घराच्या व्याजाची वजावटच नसल्याने हा आक्षेप उरत नाही.

दर वाढले की दोन्ही प्रकारांना झळ बसते, पण ती कशी बसते हे लक्षात असू द्या. मे ते फेब्रुवारी, २०२२-२३ च्या त्या दहा महिन्यांत रेपो दर (रिझर्व्ह बँक ज्या दराने बँकांना पैसे देते तो) ४ वरून ६.५ टक्क्यांवर गेला. ६.७५ टक्क्यांनी ५० लाख घेतलेल्याचा हप्ता ३८,०१८ होता. दर ९.२५ झाल्यावर महिन्याचं नुसतं व्याजच ३८,५४२ होतं. म्हणजे मुदत कितीही लांबवली तरी जुन्या हप्त्यात कर्ज फिटणार नाही. रिझर्व्ह बँकेच्या ऑगस्ट २०२३ च्या सूचनांनुसार दर बदलताना हप्ता वाढवायचा की मुदत, हे निवडण्याची संधी बँकेने द्यायला हवी आणि दर तिमाहीला उरलेल्या हप्त्यांची संख्याही कळवायला हवी. झेपत असेल तर हप्ता वाढवून घ्या. पार्क केलेली रक्कम असेल तर वाढीव दर तेवढ्यावर लागत नाही, हा तिचा जास्तीचा उपयोग.

साधं कर्ज आधीच चालू असेल आणि आता बदलायचं मनात असेल, तर आपल्याच बँकेत रूपांतर होतं का हे प्रथम विचारा. दुसऱ्या बँकेत जायचं तर प्रोसेसिंग फी, वकील आणि मूल्यांकनाचा खर्च येतोच; शिवाय महाराष्ट्रात नव्या गहाणावर ०.३ टक्के मुद्रांक शुल्क पुन्हा भरावं लागतं, ५० लाखांवर १५,००० रुपये. मुदत सात-आठ वर्षांहून कमी उरली असेल तर माझ्या मते या फंदात पडू नये. नवीन कर्ज घेणाऱ्याने, आणि ज्याच्या खात्यात दोन-तीन लाख एरवीही पडून असतात त्याने, ओव्हरड्राफ्टच्या दराची चौकशी केल्याशिवाय सही करू नये असं मला वाटतं.

शेवटी एक तांत्रिक बाब. साधं कर्ज शेवटच्या हप्त्याला बंद होतं. ओव्हरड्राफ्ट मात्र पार्क केलेली रक्कम बाकीएवढी झाली तरी आपोआप बंद होत नाही. व्याज शून्य होतं, खातं आणि गहाण चालू राहतं, आणि बाकीपेक्षा जास्त टाकलेल्या पैशावर काहीच मिळत नाही. तिथे पोचलात की जादा रक्कम काढून घ्या. खातं चालू ठेवायचं असेल तर अडीअडचणीला गृहकर्जाच्या दराने मिळणारा पैसा म्हणून ते काही वर्षं ठेवता येतं. बंद करायचं असेल तर लेखी अर्ज द्या. पूर्ण परतफेड होऊन खातं बंद झाल्यापासून ३० दिवसांत मूळ कागदपत्रं परत देणं बँकेवर बंधनकारक आहे. बँकेमुळे उशीर झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई मिळते. कागद घेताना कर्ज घेतेवेळच्या यादीशी एकेक ताडून बघा, आणि सोसायटीच्या दप्तरातली बँकेच्या बोजाची नोंद ना-हरकत पत्र देऊन त्याच आठवड्यात काढून घ्या.