दरखास्त की अवमान याचिका?

जागेचा ताबा देण्याचा हुकूमनामा (दाव्यात न्यायालयाने दिलेला निर्णय, म्हणजे डिक्री) हाती असूनही प्रतिवादी हलत नाही, तेव्हा दिवाणी न्यायालयात दरखास्त (हुकूमनाम्याची अंमलबजावणी करून घेण्याचा अर्ज) दाखल करावी की उच्च न्यायालयात अवमान याचिका (न्यायालयाचा आदेश मोडल्याबद्दल कारवाईची मागणी), असे एका परिचितांनी विचारले.

मुदतीत मोठा फरक आहे. ताब्याच्या हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीसाठी १२ वर्षे मिळतात. न्यायालय अवमान अधिनियम, १९७१ च्या कलम २० नुसार मात्र कारवाई अवमान घडल्यापासून एका वर्षातच सुरू व्हावी लागते.

काय सिद्ध करायचे, हा खरा कळीचा मुद्दा. दरखास्तीत हुकूमनामा पाळला गेलेला नाही एवढे पुरते. अवमानात मात्र अवज्ञा हेतुपुरस्सर होती हे दाखवावे लागते आणि आदेशाचे दोन अर्थ निघत असतील तर संशयाचा फायदा समोरच्याला मिळतो. शिवाय शिक्षा सहा महिन्यांपर्यंतची साधी कैद, २,००० रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही, तीही माफी स्वीकारली गेल्यास टळू शकते, आणि त्यातून जागेचे कुलूप उघडेलच असे नाही. दरखास्तीत बेलिफ (न्यायालयाचा अंमलबजावणी करणारा कर्मचारी) मात्र ते, गरजेप्रमाणे पोलीस बंदोबस्तात, तोडू शकतो.

दिरंगाईसाठी दरखास्त बदनाम आहे, आणि ते खोटे नाही. सर्वोच्च न्यायालयाला २०२१ मध्ये ती सहा महिन्यांत निकाली काढण्यास सांगावे लागले.

म्हणून ताबा किंवा पैसे हवे असल्यास दरखास्तच करावी. उच्च न्यायालयाचा स्पष्ट आदेश सरकारी अधिकारी जाणूनबुजून दाबून बसला असेल, तर अवमान याचिका योग्य. चालू दाव्यातील मनाई हुकूम मोडला गेल्यास त्याच न्यायालयात दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ३९, नियम २-अ खाली अर्ज करावा.